बॅरी सँडर्स : विक्रम १,४५७ यार्डांवर आला असताना घरी गेलेला रनिंग बॅक

लेखक : उंबरठा

अमेरिकन फुटबॉलवर मराठीत फारसे लिहिले जात नाही आणि जे लिहिले जाते ते बहुधा क्वार्टरबॅकविषयी असते. मला मात्र या खेळाची गोडी लागली ती बॅरी सँडर्स या रनिंग बॅकमुळे. १९८९ ते १९९८ असे दहा हंगाम तो डेट्रॉईट लायन्स या एकाच संघाकडून खेळला, दहाही हंगामांत त्याने हजाराहून अधिक यार्डांची धाव नोंदवली, आणि सर्वकालीन विक्रम अवघ्या १,४५७ यार्डांवर आलेला असताना, म्हणजे त्याच्या नेहमीच्या गतीने एका हंगामाचे काम उरलेले असताना, तो खेळ सोडून निघून गेला. त्याचे हे जाणे आकस्मिक होते असे सर्वत्र म्हटले जाते. मला ते तसे वाटत नाही, आणि का वाटत नाही हे सांगण्यासाठीच हा धागा काढला आहे.

ज्यांना खेळाची ओळख नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. चेंडू ताब्यात असलेल्या संघाला चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचे असते. (यार्ड म्हणजे आपल्या कापडबाजारातला वार.) क्वार्टरबॅक एक तर चेंडू फेकतो किंवा मागे उभ्या असलेल्या रनिंग बॅकच्या हाती देतो, पुढची धिप्पाड फळी प्रतिस्पर्ध्यांना रेटून वाट काढते आणि रनिंग बॅकने त्या फटीतून घुसायचे असते. फट अर्धा क्षण टिकते. म्हणून चेंडू मिळताच सरळ घुसावे, तीन-चार यार्ड मिळवावेत आणि पडावे, असेच बहुतेक प्रशिक्षक शिकवतात. सँडर्सने हा धडा कधी मनावर घेतला नाही.

त्याचा जन्म १६ जुलै १९६८ चा, कॅन्सस राज्यातल्या विचिटा शहरातला. वडील विल्यम हे छपरे शाकारणारे आणि सुतारकाम करणारे कारागीर, अत्यंत करडे. घरात अकरा भावंडे, त्यांत तीन मुलगे. उन्हाळ्यात मुलांना वडिलांच्या हाताखाली छपरांवर काम करावे लागे. बॅरीची उंची पुढेही पाच फूट आठ इंचांपलीकडे गेली नाही, त्यामुळे शाळेतल्या प्रशिक्षकांनी त्याला मुख्य रनिंग बॅकची जागा शेवटच्या वर्षापर्यंत दिली नाही. ती मिळाल्यावर उरलेल्या थोड्याच सामन्यांमुळे त्याची त्या वर्षाची बेरीज १,४१७ यार्डांवर गेली. शेवटच्या सामन्यात शहरातला सर्वाधिक धावेचा मान अगदी हाताशी आला असताना प्रशिक्षकाने त्याला ते सांगितले, तेव्हा धाकट्या मुलांना खेळू द्या असे म्हणून तो बाहेरच बसून राहिला. ही गोष्ट लक्षात ठेवावी, कारण ती पुढे पुन्हा येणार आहे.

ठेंगणा म्हणून मोठ्या विद्यापीठांनी त्याच्याकडे पाहिले नाही. ओक्लाहोमा स्टेट विद्यापीठाने शिष्यवृत्ती दिली, पण तिथेही त्याच्यापुढे थर्मन थॉमस होता, जो स्वतः पुढे फार मोठा व्यावसायिक खेळाडू झाला. थॉमस गेल्यावर १९८८ मध्ये सँडर्सला संपूर्ण हंगाम मिळाला, आणि त्या एका हंगामात त्याने जे केले तसे महाविद्यालयीन फुटबॉलमध्ये त्याआधी कोणी केले नव्हते : ११ सामन्यांत २,६२८ यार्ड, धावून ३७ टचडाउन (म्हणजे चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या टोकाच्या रेषेपार नेणे), चार सामन्यांत तीनशेहून अधिक यार्ड. हंगामाअखेरच्या हॉलिडे बोल या निमंत्रितांच्या सामन्यातले २२२ यार्ड आणि पाच टचडाउन त्या काळच्या नियमामुळे या बेरजेत धरलेलेच नाहीत. वर्षातल्या सर्वोत्तम महाविद्यालयीन खेळाडूला मिळणारा हाइझमन करंडक त्याला जाहीर झाला तेव्हा तो टोकियोत होता, कारण टेक्सास टेकविरुद्धचा सामना त्या वर्षी तिथे भरवला होता. समारंभ न्यूयॉर्कमध्ये आणि विजेता उपग्रहाच्या जोडणीवर अवघडून बसलेला, असे ते दृश्य होते. त्याच सामन्यात तो ३३२ यार्ड धावला.

१९८९ च्या खेळाडू-निवडीत (व्यावसायिक संघ महाविद्यालयीन खेळाडू पाळीपाळीने निवडतात ती) डेट्रॉईटने त्याला तिसऱ्या क्रमांकावर घेतले. करारावर सही करताना मिळालेल्या रकमेचा दहावा हिस्सा त्याने विचिटातल्या आपल्या चर्चला दिला. पहिल्याच हंगामात तो १,४७० यार्ड धावला आणि शेवटच्या सामन्याच्या अखेरीस कॅन्सस सिटीच्या ख्रिश्चन ओकोयेपेक्षा फक्त दहा यार्ड मागे होता. प्रशिक्षक वेन फाँट्स यांनी त्याला मैदानात परत जाण्याविषयी विचारले. सामना जिंकल्यात जमा होता. सँडर्स गेला नाही, आणि धावेचे अजिंक्यपद ओकोयेकडे गेले. विचिटातला शाळकरी मुलगा आणि हा नवखा व्यावसायिक यांच्यात मला तरी काही फरक दिसत नाही.

पुढे ते अजिंक्यपद त्याने चार वेळा मिळवले : १९९०, १९९४, १९९६ आणि १९९७. त्यातला १९९७ चा हंगाम विलक्षण आहे. पहिल्या दोन सामन्यांत मिळून जेमतेम ५३ यार्ड झाले होते. त्यानंतरच्या चौदाही सामन्यांत त्याने शंभरी ओलांडली, टँपा बे संघाविरुद्ध एकाच सामन्यात ८० आणि ८२ यार्डांचे दोन टचडाउन केले, आणि हंगाम २,०५३ यार्डांवर संपवला. त्याआधी दोन हजारांचा टप्पा फक्त ओ. जे. सिम्प्सन आणि एरिक डिकरसन यांनी गाठला होता. सर्वोत्तम खेळाडूचा मान त्या वर्षी त्याला आणि ग्रीन बेच्या ब्रेट फावरला वाटून मिळाला.

१९९८ मध्ये तो १,४९१ यार्ड धावला, पण संघाने सोळापैकी अकरा सामने गमावले. १९९९ च्या जुलैअखेरीस, सराव शिबिर सुरू होण्याच्या बेतात असताना, त्याचे एक छोटेसे निवेदन फॅक्सने विचिटाच्या वृत्तपत्राकडे पोहोचले. खेळात राहण्यापेक्षा बाहेर पडण्याची इच्छा अधिक प्रबळ आहे, एवढाच त्याचा आशय होता. पत्रकार परिषद नाही, निरोपाचा सामना नाही. बातमी फुटली तेव्हा तो लंडनच्या वाटेवर होता. नुकतीच त्याला एकतीस वर्षे पूर्ण झाली होती, दुखापत कोणतीही नव्हती, आणि खात्यावर १५,२६९ यार्ड होते. शिकागोच्या वॉल्टर पेटनचा सर्वकालीन विक्रम १६,७२६ यार्डांचा होता.

माझे म्हणणे इतकेच, की ज्याने शाळेत आणि पहिल्या हंगामात आकडा समोर दिसत असताना पाठ फिरवली, त्याने तिसऱ्यांदा तेच केले. आश्चर्य वाटायचे तर ते आकड्याचे ओझे आपणच त्याच्या डोक्यावर ठेवले याचे वाटावे.

प्रतिसाद १ : शंकेखोर

लेख आवडला, पण भक्तिभाव जरा अधिक झाला आहे. दोन गोष्टी तुम्ही सोयीस्करपणे टाळल्या आहेत.

पहिली म्हणजे, सँडर्सच्या काळातच डॅलसचा एमिट स्मिथ खेळत होता. त्याने तीन सुपर बोल, म्हणजे हंगामाचे अंतिम सामने, जिंकले आणि पेटनचा विक्रमही पुढे २००२ मध्ये त्यानेच मोडून १८,३५५ यार्डांपर्यंत नेला. सँडर्सच्या दहा वर्षांत लायन्सनी बाद फेरीचा एकच सामना जिंकला. १९९४ च्या हंगामानंतर ग्रीन बेच्या मैदानावर बाद फेरीत त्याच्या हाती तेरा वेळा चेंडू दिला गेला आणि एकूण मिळकत झाली उणे एक यार्ड. डेट्रॉईट तो सामना १६-१२ असा हरले. अवघ्या चार गुणांचे अंतर असताना तुमच्या सर्वोत्तम माणसाने उणे एक यार्ड द्यावा, याला काय म्हणायचे?

दुसरी गोष्ट जाण्याच्या वेळेची. त्याचे मन आधीच उडाले होते, तर हंगाम संपल्यावर जानेवारीत सांगता आले असते. वसंतातली खेळाडू-निवड झाली, करारांचा बाजार उठला, आणि शिबिराच्या तोंडावर फॅक्स आला. सहकाऱ्यांच्या दृष्टीने हे अडचणीत टाकून जाणेच आहे. निःस्पृहता आणि बेफिकिरी यांतले अंतर लेखकाने जरा मोजून पाहावे.

प्रतिसाद २ : उंबरठा

शंकेखोर, ग्रीन बेचा सामना मी टाळला हे खरे आहे. त्या दिवशी डेट्रॉईटच्या सगळ्या संघाची मिळून धाव उणे चार यार्डांची होती, म्हणजे त्यातला सर्वांत बरा सँडर्सच होता, असे विनोदाने म्हणता येईल. परंतु तुमचा मूळ मुद्दा योग्य आहे. मागे पडणे हा त्याच्या खेळाचा भागच होता. कारकिर्दीत मागे रेटले जाऊन त्याने गमावलेल्या यार्डांची बेरीज ११०० च्या वर जाते आणि ती नोंदही त्याच्याच नावावर सांगितली जाते. फट दिसली नाही तर तो तीन यार्डांसाठी गर्दीत डोके घालत नसे, उलट्या दिशेने पळून दुसरी वाट शोधत असे. कधी ती सापडत नसे. तरीही दर धावेमागे त्याची सरासरी पाच यार्डांची राहिली आणि स्मिथची ४.२ ची. स्मिथच्या पुढे डॅलसची ती प्रसिद्ध फळी होती आणि वाट फोडून देणारा डॅरिल जॉन्स्टनसारखा फुलबॅक होता. डेट्रॉईटने सँडर्सच्या सुरुवातीच्या वर्षांत जी आक्रमणाची पद्धत स्वीकारली होती तिच्यात फुलबॅकला जागाच नव्हती, आणि क्वार्टरबॅक तर पीट, क्रेमर, वेअर, मिचेल, बॅच असे एकामागून एक बदलत राहिले. स्मिथ डेट्रॉईटमध्ये किती धावला असता, हा प्रश्न मी विचारणार नाही, कारण त्याला उत्तर नसते. दोघांची कामेच वेगळी होती एवढे म्हणतो.

फॅक्सच्या वेळेविषयी मात्र मी तुमच्याशी वाद घालणार नाही. ती मलाही खटकते.

प्रतिसाद ३ : चढाईबहाद्दर

मी शाळा-महाविद्यालयात कबड्डी खेळलो, अमेरिकन फुटबॉल मला कळत नाही, पण धागा वाचून काही चित्रफिती पाहिल्या आणि लिहिल्यावाचून राहवले नाही. हा माणूस चढाईपटू आहे! आमच्याकडेही दोन जाती असतात. एक ताकदीचा चढाईपटू, जो साखळीला घेऊन मध्यरेषेपर्यंत फरफटत येतो. दुसरा हुलकावणीचा, जो खांदा डावीकडे दाखवतो, वजन उजव्या पायावर ठेवतो आणि कोपरारक्षक झेपावला की तिथे नसतोच. दुसऱ्या जातीचा चढाईपटू अनेकदा रिकाम्या हाताने परततो आणि कधी कधी फारच वाईट पकडला जातो, तेव्हा बाहेर बसलेले प्रशिक्षक कपाळावर हात मारून घेतात. पण त्याला सरळ खेळ म्हणून सांगता येत नाही, कारण सरळ खेळला तर तो कोणीच उरत नाही.

१९९४ सालचा न्यू इंग्लंडविरुद्धचा तो तुकडा मी दहा वेळा पाहिला. बचावपटू समोरासमोर आहे, मध्ये कोणी नाही, आणि सँडर्स जागच्या जागी असा वळतो की समोरचा माणूस स्वतःभोवती गिरकी घेऊन भलत्याच दिशेला तोंड करतो. त्याला हातसुद्धा लावावा लागला नाही. अशी हुल खाल्लेल्या माणसाचे दुःख मला ठाऊक आहे.

प्रतिसाद ४ : नोव्हायवासी

मी १९९७ साली मोटारींच्या सुट्या भागांच्या कामानिमित्त मिशिगनमध्ये आलो. त्या वर्षीच्या थँक्सगिव्हिंगच्या दिवशी एका सहकाऱ्याने मला पाँटिअकच्या सिल्व्हरडोममध्ये नेले. लायन्स या सणाला घरच्या मैदानावर खेळतात ही प्रथा १९३४ पासूनची आहे, आणि डेट्रॉईटच्या घराघरांत जेवणाची वेळ त्या सामन्यावरून ठरते. सिल्व्हरडोम म्हणजे हवेच्या दाबावर फुगवून धरलेल्या कापडी छपराखालचे अवाढव्य मैदान. खाली गवताऐवजी कृत्रिम गालिचा. शिकागोविरुद्धचा तो सामना डेट्रॉईटने ५५-२० असा जिंकला. सँडर्सने १६७ यार्ड धाव घेतली, तीन टचडाउन केले आणि त्याच दिवशी डिकरसनला मागे टाकून सर्वकालीन यादीत दुसरा क्रमांक गाठला. नियम मला अर्धेच ठाऊक होते, पण त्याच्या हाती चेंडू गेला की ऐंशी हजारांच्या आसपास माणसे आपोआप उभी राहतात हे त्यासाठी कळावे लागत नव्हते. माझ्या डोळ्यांसमोर अजून आहे ते निराळेच. टचडाउन झाल्यावर बाकीचे खेळाडू नाचत, चेंडू आपटत. हा मात्र शांतपणे जाऊन पंचाच्या हातात चेंडू देई, जणू वाचनालयात पुस्तक परत करायला आला आहे.

फॅक्सची बातमी आली त्या आठवड्यात आमच्या कचेरीत काम कमी आणि चर्चा अधिक झाली. शंकेखोर म्हणतात तो राग इथे खरोखरच होता, आणि तो वर्षानुवर्षे टिकला. ज्यांनी हंगामाची तिकिटे आधीच घेऊन ठेवली होती त्यांना निःस्पृहतेचे कौतुक ऐकवणे अवघड होते. पण दुसरा राग व्यवस्थापनावर होता. फळीतला लोमस ब्राऊन गेला, मग फळीच्या मधोमध खेळणाऱ्या केव्हिन ग्लोव्हरला जाऊ दिले. जी माणसे सँडर्ससाठी वाट काढत होती त्यांना एकेक करून सोडले गेले, असे इथला प्रत्येक जण सांगत असे. स्वतः सँडर्सनेही पुढे आपल्या आत्मकथनात संघाच्या हरण्याच्या वृत्तीवरच बोट ठेवले. त्यामुळे, उंबरठा, तुमचा सिद्धांत मला अर्धाच पटतो. त्याला आकड्याची ओढ नव्हती हे मान्य. पण त्याला जिंकण्याची ओढ होती, आणि ती तिथे भागणार नाही हे त्याला कळून चुकले होते.

प्रतिसाद ५ : पैशाचे_काय

करार सुरू असताना असे सोडून जाता येते का? पैसे परत द्यावे लागले का?

प्रतिसाद ६ : शंकेखोर

द्यावे लागले. १९९७ मध्ये त्याने सहा वर्षांचा करार केला होता आणि सही करतानाच १ कोटी १० लाख डॉलर मिळाले होते. करारातली निम्म्याहून अधिक वर्षे उरली होती म्हणून क्लबने त्यातले ५५ लाख परत मागितले. प्रकरण लवादाकडे गेले, आणि २००० च्या सुरुवातीला निकाल लागला की सुमारे १८ लाख ३० हजार डॉलर त्याने लगेच परत करावेत आणि उरलेली रक्कम, तो निवृत्तच राहिल्यास, वर्षागणिक द्यावी. दुसऱ्या संघात जाण्याची त्याची तयारी होती, पण डेट्रॉईट त्याला मोकळे करायला राजी नव्हते. मला या भागात दोन्ही बाजूंविषयी फारसा आदर वाटत नाही.

प्रतिसाद ७ : अस्थिरोग_वाचक

चर्चेत शरीराचा मुद्दा आलेला नाही. रनिंग बॅक हा मैदानावर सर्वाधिक मार खाणारा माणूस. सँडर्सच्या हाती कारकिर्दीत ३,०६२ वेळा चेंडू दिला गेला, आणि त्यातली बहुतेक प्रत्येक वेळ शंभर किलोच्या आसपासच्या कोणाच्या तरी अंगाखाली संपते. त्याच्या डोळ्यांदेखत दोन सहकाऱ्यांच्या मानेला गंभीर इजा झाली. १९९१ मध्ये माइक अटली याला कायमचे अपंगत्व आले. मैदानाबाहेर नेत असताना त्याने उंचावलेला अंगठा पुढे त्या संघाची खूणच बनला. डिसेंबर १९९७ मध्ये, सँडर्सने दोन हजार यार्ड ओलांडले त्याच सामन्यात, लाइनबॅकर (बचावाच्या दुसऱ्या फळीतला खेळाडू) रेजी ब्राऊन मैदानावर निपचित पडला आणि त्याला तिथेच कृत्रिम श्वास द्यावा लागला. तो वाचला, चालू लागला, पण पुन्हा खेळला नाही. सँडर्सने हे आपल्या निवृत्तीचे कारण म्हणून पुढे केलेले नाही, म्हणून मीही त्यावर इमारत उभारणार नाही. पण हसण्याचा दिवस असा संपल्यावर पुढच्या हंगामाकडे माणूस कसा पाहत असेल, एवढा विचार करावा. एकतिसाव्या वर्षी तो स्वतःच्या पायांनी, धड गुडघ्यांनी बाहेर पडला. फार थोड्या रनिंग बॅकना हे जमते. २०२४ मध्ये मात्र त्याला हृदयविकाराचा त्रास झाला आणि त्याविषयी तो आता उघडपणे बोलतो.

प्रतिसाद ८ : पश्चिम_विदर्भ

पूरक माहिती. १९६६ साली क्लीव्हलँडचा रनिंग बॅक जिम ब्राऊन हाही असाच गेला होता. नऊ हंगाम, १२,३१२ यार्डांचा तेव्हाचा विक्रम, वय तीस, आणि निवृत्तीची घोषणा चित्रपटाच्या चित्रीकरणासाठी गेला असताना लंडनहून. दोघांनीही लंडनच गाठावे हा योगायोग मजेशीर आहे. ब्राऊन मात्र शिखरावर उभा राहून उतरला, सँडर्स एक पायरी खाली असताना.

दुसरे असे, की २,६२८ चा महाविद्यालयीन विक्रम अजून टिकून आहे. २०२४ मध्ये बॉईझी स्टेटचा ॲश्टन जेंटी १४ सामन्यांत २,६०१ पर्यंत पोहोचला आणि थांबला. सँडर्सचे सामने ११ होते.

प्रतिसाद ९ : शंकेखोर

शेवटची शंका विचारतो आणि गप्प बसतो. १९९८ मध्ये सँडर्ससह डेट्रॉईट ५ विजय, ११ पराभव. १९९९ मध्ये सँडर्सविना ८ विजय, ८ पराभव, आणि बाद फेरीत प्रवेश. मग तो सर्वश्रेष्ठ होता असे कशावरून म्हणायचे?

प्रतिसाद १० : उंबरठा

या आकड्यांचे उत्तर माझ्याकडे नाही, आणि नोव्हायवासी यांनी केलेली दुरुस्तीही मला मान्य आहे : आकड्याची ओढ नसणे आणि जिंकण्याची ओढ नसणे या दोन गोष्टी मी एकात एक मिसळल्या होत्या. १९९९ च्या त्या संघाने बाद फेरीचा पहिलाच सामना वॉशिंग्टनविरुद्ध गमावला एवढीच भर घालतो. त्यानंतर डेट्रॉईटला बाद फेरीतला विजय मिळाला तो थेट जानेवारी २०२४ मध्ये, रॅम्सविरुद्ध २४-२३ असा. म्हणजे १९९१ च्या हंगामात सँडर्सच्या संघाने डॅलसला ३८-६ असे हरवले, त्याला बत्तीस वर्षे झाली होती. दरम्यान रुसवाही मिटला होता : २००४ मध्ये त्याचा २० क्रमांक संघाने निवृत्त केला आणि २०२३ मध्ये संघाच्या फोर्ड फील्ड या मैदानाबाहेर त्याचा आठ फुटी ब्राँझचा पुतळा उभा राहिला. प्रत्यक्ष सँडर्सपेक्षा तो पुतळा बराच उंच आहे.

राहिला सर्वश्रेष्ठ कोण हा प्रश्न. २००४ मध्ये कँटनच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे खेळातल्या थोरांच्या दालनात, सँडर्सचा प्रवेश झाला तेव्हा त्याची ओळख करून द्यायला त्याने वडिलांनाच उभे केले होते. हे विल्यम सँडर्स आयुष्यभर ज्याला त्याला सांगत आले, की आपला मुलगा जगातला तिसऱ्या क्रमांकाचा रनिंग बॅक आहे. पहिला जिम ब्राऊन. दुसरे ते स्वतः.